सड्यावरची एका पानाची आमरी: कुंडीत का मरते, जागेवर कशी राखायची

प्रश्न थोडक्यात असा आहे. राजापूर तालुक्यात घरामागे चार एकर कातळसडा, म्हणजे जांभ्या खडकाचं उघडं सपाट पठार, आहे. मिरगाचा पाऊस लागला की पंधरवड्यात भुईला चिकटलेलं एकच गोलसर पान दिसतं, त्यातून वीतभर दांडा वर येतो आणि त्यावर दोन-तीन पांढरी फुलं लागतात. गेल्या जुलैत अशी सहा रोपं मुळासकट काढून, शेणखत घातलेल्या मातीत, कुंड्यांमध्ये लावली. पंधरा दिवसांत पानं काळी पडली. कुंड्यांना उन्हाळाभर पाणी घातलं, तरी यंदा एकही उगवलं नाही. आता हापूसची कलमं लावायचा विचार आहे. ही फुलं कुंडीत कशी जगवायची, आणि कलमं लावली तर सड्यावरच्या फुलांचं काय होईल?

वर्णनावरून ही हबेनेरिया ग्रँडिफ्लोरिफॉर्मिस ही जमिनीवरची आमरी, म्हणजे ऑर्किड, वाटते. पान बहुतेक एकच, क्वचित दोन. ते मांसल असतं आणि जमिनीवर पुरीसारखं सपाट पसरलेलं असतं. तरी खात्रीसाठी तीन गोष्टी बघा. फुलाच्या मागे खाली लोंबणारी बारीक नळी आहे का? हबेनेरियाला ती असतेच, तिच्या तळाशी मध असतो. आमरीच्या फुलाची एक मोठी पाकळी खाली ओठासारखी पुढे येते, तिचे तीन भाग झालेत का? आणि फूल कधी आलं? ही आमरी सड्यावर सगळ्यात आधी, जूनच्या शेवटी आणि जुलैत फुलते. ऑगस्ट-सप्टेंबरात भुईसपाट पानांच्या झुबक्यातून पिवळसर हिरवी फुलं आली आणि पानांना पिवळी किनार असली, तर ती हबेनेरिया मार्जिनाटा. त्याच सुमारास दात घासायच्या ब्रशसारखी एका बाजूला ओळीनं लागलेली पांढरी फुलं दिसली, तर ती हबेनेरिया हेनियाना. पान हृदयाच्या आकाराचं, चुण्या पडलेलं, देठावर उभं आणि झाडांच्या सावलीत असेल तर ती नर्व्हिलिया. तिचं फूल पान यायच्या आधीच येऊन जातं. सड्यावर ऑफिओग्लॉसम नावाचं एक बारकं नेचंही एकाच पानाचं असतं. त्याला फूल येत नाही, पानाच्या बुडातून नुसती हिरवी काडी वर येते. फूल नसताना ओळखायला जाऊ नका, फसायला होतं.

यातली कुठलीही आमरी असली तरी पुढे सांगतोय ते जवळजवळ तसंच लागू पडतं, कारण सगळ्यांचं वर्ष एकाच पद्धतीनं चालतं.

रोपं का मेली हे कळायला आधी जमिनीखाली बघावं लागेल. जुलैत फुलावर असलेलं रोप उकरलं की खाली बोराएवढे, कधी त्याहून लहान, दोन कंद दिसतात. एक सुरकुतलेला, मऊ पडलेला असतो. तो गेल्या वर्षीचा. त्यानंच स्वतःतला साठा खर्च करून हे पान आणि फूल वर पाठवलेलं असतं. दुसरा पांढरा, टणक, पण अजून अपुरा असतो. तो पुढच्या वर्षीचा. पान हिरवं असेपर्यंत, म्हणजे साधारण सप्टेंबर अखेरीपर्यंत, त्यात भर पडत राहते. मग पान पिवळं होऊन झडतं, जुना कंद कुजून जातो, आणि ऑक्टोबर ते मे आठ महिने फक्त नवा कंद मातीत झोपलेला असतो. दरवर्षी झाड जणू स्वतःची जागा स्वतःच घेतं. एक कंद जातो, एक येतो. शिल्लक काही राहत नाही. बटाट्यासारखे पाच-दहा कंद लागत असतील असं समजून जो उकरतो, तो सगळं झाडच उकरतो.

जुलैत, फुलावर असताना काढलं म्हणजे जुना कंद रिकामा आणि नवा अर्धवट, अशा नेमक्या अवघड वेळी काढलं. वर मुळंही मोजकी, जाडसर आणि ठिसूळ असतात, माती झटकली की तुटतात. पान करपलं तिथेच नव्या कंदाचं भरण थांबलं. शेणखतानं उरलेलं काम केलं. सड्यावरची माती नत्र आणि स्फुरदाला गरीब असते, आणि हे झाड त्याच गरिबीत वाढलेलं आहे. खतवलेल्या ओल्या मातीत कुजवणाऱ्या बुरश्या आणि जिवाणू माजतात, आणि मऊ कंद त्यांना आयता मिळतो. एखादा कंद त्यातूनही वाचला असेल, तर तो उन्हाळ्यातल्या पाण्यानं गेला. झोपलेल्या कंदाला पाणी म्हणजे कुजणं. सड्यावर नोव्हेंबर ते मे एक थेंब पाणी नसतं आणि कंदाला तेच हवं असतं. आपण मायेनं पाणी घालतो, पण इथे ती माया चुकीच्या वेळी पोचते.

आता बुरशीचं. कुजवणाऱ्या बुरशीबद्दल आत्ता बोललो, पण आमरीला जगवणारीही बुरशीच असते, आणि कुंडीचा बेत मुळात तिथेच फसतो. आमरीचं बी धुळीसारखं असतं. एका बोंडात हजारो बिया, पण त्यांत अन्नाचा साठा जवळजवळ नाही. भाताच्या दाण्यात कोंबाला पुरेल एवढी शिदोरी असते, इथे ती नाहीच. मातीतल्या ठरावीक बुरशीचा धागा बीमध्ये शिरला, त्यानं साखर आणि क्षार पुरवले, तरच बी जागं होतं. फ्रान्सच्या नोएल बर्नार यांनी १८९९ मध्ये हे पहिल्यांदा दाखवलं. पुढे १९२२ मध्ये अमेरिकेत लुईस नडसन यांनी साखर घातलेल्या माध्यमात, काचेच्या बाटलीत, बुरशीशिवाय बी उगवून दाखवलं. आजची बाजारातली ऑर्किडं त्याच वाटेनं येतात. पण सड्यावर बाटली नसते. तिथे उगवलेलं बी आधी पांढरा, बिनपानाचा एक कण बनून जमिनीखाली बुरशीच्या जिवावर राहतं, आणि फुलापर्यंत पोचायला त्याला काही वर्षं लागतात. मोठं झाल्यावरही मुळांत ती बुरशी असतेच. म्हणून तुम्ही जे फूल पाहता ते सुटं झाड नसून मातीच्या एका तुकड्याचं वर आलेलं टोक आहे. माती झटकून झाड उचललं की अर्धं झाड मागेच राहिलं असं समजा.

मग हा मातीचा तुकडा कसा असतो? कोकणातला सडा दुरून सपाट काळा दिसतो, पण चालून पाहिलं तर हाताहातावर बदलतो. खाली जांभा. लोह आणि ॲल्युमिनियमच्या ऑक्साइडांनी भरलेला, भोकाभोकांचा, आम्लधर्मी मातीचा बाप. (कापताना मऊ आणि वाऱ्यावर टणक होणाऱ्या या दगडाला फ्रान्सिस बुकानन यांनी मलबारात पाहून, १८०७ मध्ये छापलेल्या पुस्तकात लॅटराइट नाव दिलं. लॅटिनमध्ये लेटर म्हणजे वीट, आपला चिरा तोच.) या कातळावर पावसाळ्यात निदान चार वेगळ्या जागा तयार होतात. उघडा कातळ, त्यावर शेवाळ आणि दगडफूल. पाणी साचणारे उथळ खळगे, त्यांत गेंद, सीतेची आसवं, दवबिंदू ही ओलीतली बारकी झाडं. बोटभर ते वीतभर मातीचा, बारीक गवताचा, किंचित उताराचा पट्टा. आणि गडग्यांच्या (रचलेल्या दगडी बांधांच्या), करवंदीच्या कडेला जमलेली खोल माती.

तुमची आमरी तिसऱ्या जागेची. खळग्यात ती टिकत नाही, कारण महिनाभर पाण्याखाली कंद गुदमरतो. उघड्या कातळावर कंदाला अंग लपवायला माती नाही. खोल मातीत उंच गवत आणि झुडपं तिच्या भुईसपाट पानाला उन्हाविना मारतात. तिला माती पातळ हवी, कारण पातळ मातीत उंच गवत माजत नाही. आणि उतार हवा, कारण रोज धो धो पाऊस पडूनही पाणी थांबता कामा नये. म्हणून सड्यावर ती सगळीकडे विखुरलेली नसते. एका पट्ट्यात शंभर पानं दिसतात आणि दहा पावलांवर एकही नाही. त्याच पट्ट्यात त्याच दिवसांत दीपकाडीची पांढरी फुलं शोधा. दीपकाडी फक्त कोकणच्या आसपास मिळते, आणि ती जिथे आहे ती जागा आमरीइतकीच जपण्याजोगी आहे.

घाटमाथ्यावरचं कास साधारण बाराशे मीटर उंचीवर आहे, आपले सडे बहुतेक दोनशे मीटरच्या आत. तिथे धुकं आणि गारवा, इथे खारा वारा आणि मे महिन्यात तव्यासारखा तापलेला कातळ. तरी ही आमरी दोन्हीकडे फुलते. कासला माणसं रांगा लावून जातात आणि आपल्या सड्याला सातबारावर ‘पोटखराब’, म्हणजे लागवडीला निरुपयोगी, म्हणतात. या एका शब्दानं कोकणातल्या फुलांचं फार नुकसान केलं आहे.

आता कलमांकडे. एकदम ‘लावू नका’ असं सांगणार नाही. चार एकर म्हणजे १६० गुंठे. हापूसची नेहमीची लागवड १० बाय १० मीटरवर, म्हणजे गुंठ्याला एक कलम. प्रत्येकासाठी मीटरभर लांब-रुंद-खोल खड्डा धरला, तर खड्ड्यांत जाणारी जागा सगळ्या सड्याच्या शंभरावा हिस्सा. तेवढ्यानं आमरी संपत नाही. ती संपते बाकीच्या कामांनी. खड्डा फोडायला आणलेला जेसीबी साखळीनं सगळा पट्टा दळतो. फोडलेला खडक आणि गोटे जवळच्या मातीवर ढिगानं टाकले जातात. बाहेरून आणलेली लाल माती खड्ड्यात घालून उरली की भोवती पसरली जाते. त्या मातीबरोबर रानमोडी आणि घाणेरीचं बी येतं. आणि चौथ्या-पाचव्या वर्षापासून मजूर परवडत नाही म्हणून तणनाशक सुरू होतं. जुलै-ऑगस्टमध्ये फवारलेलं ग्लायफोसेट हिरव्या पानातून कंदापर्यंत उतरतं. तेव्हा पानं जमिनीवर असतात आणि नवा कंद भरत असतो, त्यामुळे एका फवारणीत अख्खा पट्टा जाऊ शकतो.

तर असं करा. आमरीचा दाट पट्टा कुठे आहे ते आधी पावसात नक्की करा, आणि त्या १०-१५ गुंठ्यांत एकही खड्डा घेऊ नका. बाकीच्या जागेत खड्ड्यातला खडक आमरीच्या मातीवर न टाकता गडग्याला वापरा. यंत्राला एकच ठरलेली वाट द्या आणि ती उघड्या कातळावरून न्या, मातीवरून नको. उरलेली माती परत उचला. तण काढायचं तर कलमाच्या आळ्यात हातानं, बाहेर फक्त कोयत्यानं, आणि तेही गवत वाळल्यावर. खत आळ्यातच राहील एवढं बघा, पावसाच्या ओघानं ते खालच्या बाजूला वाहतं. म्हणून राखलेला पट्टा बागेच्या वरच्या अंगाला असला तर उत्तम. एवढं करूनही १५-२० वर्षांनी कलमं मोठी होऊन सावली धरतील आणि त्यांच्याखालची आमरी हळूहळू जाईल, हे आत्ताच मान्य करून चाला. म्हणून तो पट्टा कायमचा बाहेर ठेवायचा.

बागेपेक्षा चिऱ्याची खाण वाईट. बागेत वरची माती निदान तुकड्यांनी शिल्लक राहते, खाणीत सुरुवातच वरची माती आणि कवच खरवडून होते. ती माती शेजारच्या सड्यावर लोटली जाते, म्हणजे खणलेल्या जागेहून जास्त जागा जाते. खाण भरून वर माती पसरली तरी पाण्याची चाल परत येत नाही.

पाण्याची चाल हा सड्याचा खरा जीव आहे, आणि रस्ते करताना तीच नेमकी विसरली जाते. सड्यावर पाऊस ओढ्यांतून कमी आणि चादरीसारखा सगळीकडून जास्त वाहतो. आडवा मुरुमाचा रस्ता टाकला, जोता बांधला, किंवा दगडी बंदिस्त कुंपण घातलं, की वरच्या बाजूला पाणी तुंबतं आणि खालची बाजू सुकते. वरच्या बाजूची आमरी कुजून जाते, खालची उपाशी राहून. तुंबलेल्या बाजूला वर्षा-दोन वर्षांत गेंद आणि लव्हाळे वाढले तर समजा, पाणी अडलं. रस्ता करायचाच असेल तर तो उताराच्या दिशेनं न्या. आडवा गेलाच तर आठ-दहा मीटरवर पाइप टाका, आणि पाइपचं तोंड कातळाच्या पातळीला ठेवा, वर नको. जुने कोरडे रचलेले गडगे चालतात, त्यांच्या फटींतून पाणी झिरपतं. सिमेंटनं दरजा भरलेले चालत नाहीत.

राजापूर-रत्नागिरीकडच्या ज्या सड्यांवर कातळशिल्पं आहेत तिथे आणखी एक गोष्ट होते. कोकणातली कातळशिल्पं २०२२ मध्ये युनेस्कोच्या तात्पुरत्या यादीत गेल्यापासून लोक येऊ लागले, आणि चित्र स्वच्छ दिसावं म्हणून भोवतालची माती आणि गवत झाडून काढतात. चित्राच्या रेषेतली माती काढणं ठीक. भोवतीचा मातीचा पट्टा खरवडू नये, पायवाट एकच ठेवावी आणि ती कातळावरून असावी. फोटो काढणारे जुलैत एका फुलासाठी पोटावर झोपतात आणि त्यांच्या अंगाखाली दहा पानं जातात. दांडा आला नाही म्हणून ती पानं त्यांना दिसतच नाहीत.

गवत, गुरं आणि वणवा यांबद्दल लोकांत उलटसुलट मतं आहेत, म्हणून जरा सविस्तर सांगतो. गवत कापणं आमरीला चांगलं. कापणी साधारण ऑक्टोबर-नोव्हेंबरात होते, तोपर्यंत बोंडं फुटून बी उडालेलं असतं. कापलेलं गवत मात्र उचलून न्या. जागेवर कुजलं तर माती खतवते आणि पुढच्या वर्षी गवत उंच येतं. कापणीच बंद पडली तर काही वर्षांत करवंद, रानमोडी शिरतात. मुंबईला गेलेल्या घरांचे सडे असेच मिटत चाललेत. गुरांचं चरणं थोडं असेल तर फारसं बिघडत नाही. पान इतकं भुईला चिकटलेलं असतं की ते जिभेला लागत नाही, दांडा मात्र जातो. म्हणून जून ते सप्टेंबर गुरं राखलेल्या पट्ट्याबाहेर ठेवा. ओल्या पातळ मातीत खुराचा खड्डा थेट कंदापर्यंत जातो, चरण्यापेक्षा तेच जास्त वाईट. ऑक्टोबरनंतर सोडा.

वणव्याबद्दल ‘कंद खाली असतो, काही होत नाही’ असं म्हणतात. पातळ गवताची आग झरकन निघून गेली तर बरेच कंद वाचतात हे खरं. पण बोटभर मातीत कंद किती खाली असणार? फांद्या, पाला, रानमोडीचा ढीग जिथे जळतो तिथे आच खोल जाते. दरवर्षी जाळलं तर वरचा काळा कुजका थर जातो, बुरशीचा संसार तिथेच असतो. आणि पहिल्याच पावसात उघडी राखमाती कातळावरून धुऊन जाते. सड्यावरची बोटभर माती एकदा गेली की आपल्या आयुष्यात परत येत नाही. म्हणून जाळू नका, कापा. आजूबाजूच्या वणव्यासाठी जानेवारीअखेर पट्ट्याभोवती तीन मीटर रुंद गवत कापून काढा आणि कापलेलं आत न ठेवता बाहेर न्या.

ऑस्ट्रेलियन अकेशियाची रोपं दिसली तर लहान असतानाच, पावसात माती मऊ असताना, हातानं उपटा. त्याचा पाला लवकर कुजत नाही, चटईसारखा साचतो, आणि त्याखाली भुईसपाट पानाला जागाच उरत नाही. सामाजिक वनीकरणाच्या नावानं कुणी हीच झाडं सड्यावर लावायला निघालं तर ग्रामसभेत विरोध करा. झाड लावणं सगळीकडे पुण्याचं काम नसतं. उघडा सडा उघडाच निरोगी असतो.

मोजणी कशी करायची? जुलैच्या पहिल्या आठवड्यात सुतळीनं १ बाय १ मीटरचे दहा चौकोन आखा. त्यांतले काही दाट जागी आणि काही विरळ जागी ठेवा, नाहीतर फक्त चांगलंच मोजलं जातं. प्रत्येक चौकोनात तीन आकडे लिहा: एकूण पानं, त्यांतली दांडा आलेली, आणि सप्टेंबरात बोंड धरलेली. एखाद्या वर्षी पानं निम्म्यावर आली तर लगेच घाबरू नका. जमिनीवरच्या आमरींचे काही कंद एखादं वर्ष वर येतच नाहीत, खालीच राहतात. सलग तीन पावसाळे उतरंड दिसली तर काहीतरी बिघडलंय, आणि बहुतेक वेळा ते पाणी, सावली किंवा तणनाशक यांपैकी एक असतं. फुलं भरपूर पण बोंडं जवळजवळ नाहीत असं झालं, तर परागीभवनात अडचण आहे. पांढरं फूल आणि मागे मधाची लांब नळी ही रचना सोंड लांब असलेल्या पतंगांसाठी असते. सड्यालगत रात्रभर जळणारा हॅलोजन असेल तर पतंग फुलांऐवजी दिव्याकडे जातात. जून-जुलैत तो बंद ठेवा, किंवा झाकण लावून फक्त खाली पाडा.

बोंडं फारच कमी असतील तर हातानं परागण करता येतं. पाऊस उघडल्यावर, ताज्या उमललेल्या फुलावर, टोकदार काडी फुलाच्या तोंडाशी, मधाच्या नळीच्या मुखाजवळ अलगद टेकवा. पिवळसर परागाचा छोटा गठ्ठा देठासकट काडीला चिकटून येतो. तो आपल्या खालच्या चिकट टिकलीनं धरतो. मग काडी दुसऱ्या रोपाच्या फुलाकडे न्या, त्याच रोपाच्या नको. हबेनेरियात नळीच्या मुखाजवळ दोन फुगीर, ओलसर भाग पुढे आलेले असतात. ते स्त्रीकेसराचे. पराग त्यांवर दाबून ठेवा. काम झालं तर थोड्याच दिवसांत पाकळ्या मावळतात आणि मागचा पिळदार देठ फुगू लागतो. (आमरीचं फूल उमलताना देठ अर्धा पीळ घेतं, म्हणूनच ओठ खाली येतो.) एका रोपावर एकाच फुलाला करा. बोंड पोसायला झाडाची ताकद लागते, सगळी फुलं धरली तर नवा कंद बारका राहतो आणि पुढच्या वर्षी दांडाच येत नाही.

बी पसरायचं तर बोंड तपकिरी होऊन फुटायच्या बेतात असताना, पाच बोंडांमागे एक एवढंच घ्या. त्याच दिवशी जवळच्या, तशाच उताराच्या गवताळ मातीवर, आई-रोपापासून हात-दोन हातांवर झटका. तिथे बुरशी असण्याचा संभव सगळ्यात जास्त. वर माती टाकू नका, खत-पाणी काही नको. त्या जागी दुसऱ्याच वर्षी पानं शोधायला जाऊ नका, वेळ लागतो.

काही वेळा जागा वाचतच नाही. रस्ता मंजूर झालेला असतो, खाण सुरू झालेली असते. तेव्हाच, आणि फक्त तेव्हाच, रोपं हलवा. फुलावर असताना हलवायचं नाही, फक्त खूण करायची. हलवायचं ऑक्टोबरात, पान पूर्ण पिवळं पडल्यावर, तेव्हा नवा कंद भरलेला असतो. खुणेभोवती वीतभर चौकोन चपट्या पहारीनं कापा, माती थेट कातळापर्यंत सोडवा, आणि गवतासकट अख्खी ढेप पत्र्यावर सरकवून उचला. हातानं माती चाचपून कंद शोधू नका. त्याच दिवशी, तशाच उताराच्या जागी, तेवढ्याच खोलीची जागा कोरून ढेप बसवा, आजूबाजूच्या पातळीशी बरोबर. वर राहिली तर सुकते, खाली गेली तर पाणी साचतं. कडेच्या फटी त्याच सड्याच्या मातीनं भरा, हातानं दाबा. पाणी नाही, खत नाही. नवी जागा आमरी आधीपासून असलेली असावी, म्हणजे तिथली बुरशी आणि पाणी दोन्ही पटलेली असतात. वनजमीन असेल तर वन विभागाच्या परवानगीशिवाय काहीच उचलू नका. कंद औषधी म्हणून, ‘सालममिश्री’च्या नावानं कुणी मागायला आलं तर सरळ नाही म्हणा. एक कंद म्हणजे एक झाड, हे वर सांगितलंच. शिवाय सगळ्या आमरी साइट्स या आंतरराष्ट्रीय कराराच्या परिशिष्टांत आहेत, त्यामुळे त्यांच्या परदेशी व्यापारावर निर्बंध आहेत.

ग्रामपंचायतीत २००२ च्या जैवविविधता कायद्याखालची जैवविविधता व्यवस्थापन समिती असते आणि तिच्याकडे लोकजैवविविधता नोंदवही असते. तुमचा पट्टा गट क्रमांकासह, फुलांच्या फोटोसह, मोजणीच्या आकड्यांसह त्यात नोंदवून घ्या. पुढे रस्त्याची किंवा खाणीची बोलणी निघाली तर ‘इथे काय आहे?’ या प्रश्नाला कागदावरचं उत्तर तयार असतं.

घराच्या पायरीवर कुंडीत आमरी हवीच असेल, तर रोपवाटिकेतली स्पॅथोग्लॉटिस आणा. तीही जमिनीवरचीच. जांभळट, पिवळी, पांढरी फुलं येतात, कोकणच्या हवेत सहज वाढते. नारळाचा भुसा, जाड वाळू, विटेचे तुकडे आणि पालापाचोळ्याचं कुजलेलं खत सारख्या भागांत घ्या, कुंडीला भोकं मोठी ठेवा, सकाळचं ऊन द्या. सड्यावरच्या आमरीला कुंडीत ठेवून जे मिळणार नाही ते ही देईल.

आणि कलमांच्या कामाला हात लावण्याआधी एक गोष्ट लक्षात घ्या. सड्यावरची सगळी मोठी कामं, खड्डे, सुरुंग, जेसीबी, मार्च ते मे या महिन्यांत होतात. नेमक्या त्याच महिन्यांत आमरीचं वर काहीच दिसत नाही, नुसती वाळकी माती दिसते, आणि ‘इथे काही नाही’ असं म्हणत यंत्र फिरतं. म्हणून खुणा आदल्या पावसातच करायला हव्यात. येत्या जुलैत फुलं असतानाच दाट पट्ट्याच्या कडेनं दर पाच पावलांवर चुन्यानं रंगवलेला चिऱ्याचा तुकडा मातीत न रोवता कातळावर ठेवा. लाकडी खुंट्या ठेवू नका, त्या वाळवी खाते किंवा कुणी सरपणाला नेतं. दिवाळीनंतर, गवत कापून झाल्यावर, चुना पुन्हा मारा. मार्चमध्ये जेसीबीवाला आला की त्याला आधी ते पांढरे तुकडे चालून दाखवा.